टपावरचं साहित्य

घरी सांगितलं होतं, अंबाजोगाईला योगेश्वरीच्या दर्शनाला जातोय. माझ्या सासरच्या कोकणस्थांची ती कुलदेवता. त्यामुळे परवानगी तर मिळालीच, वर ओटीचं सामानही मिळालं. जुन्या पुस्तकांचं नाव काढलं असतं तर माळ्यावरच्या खोक्यांची चौकशी लागली असती. ओटी पोचवली, देवी प्रसन्न दिसली आणि मी थेट रद्दीच्या दुकानात शिरलो.

या गावात ‘विवेकसिंधु’कार मुकुंदराजांची समाधी आहे. दासोपंतांनी इथेच चाळीसेक फूट लांब कापडावर पासोडी लिहिली. त्यांना रोज ढबू पैशाची शाई लागायची म्हणतात. आता साहित्य किलोवर मिळतं. लक्ष्मीबाई टिळकांची ‘स्मृतिचित्रे’, दया पवारांचं ‘बलुतं’, हरिभाऊ आपट्यांचं ‘पण लक्षात कोण घेतो?’, गोडसे भटजींचा ‘माझा प्रवास’ आणि राजा दीनदयाळांच्या छायाचित्रांचं ‘प्रिन्सली इंडिया’ हे पुस्तक, सगळं एकाच तागडीत. दुकानदार भला माणूस. म्हणाला, “पुठ्ठे काढून देऊ का सर? वजन कमी भरंल.”

पोतं बीडच्या काळी-पिवळी जीपच्या टपावर चढलं. शेजारी कांद्याची पोती आणि एक सायकल. दसरा नुकताच झालेला. ऊसतोडीला निघालेल्या टोळ्यांचे ट्रॅक्टर रस्त्यावर. केज सोडल्यावर मागच्या सीटवरच्या मावशी ओरडल्या, “टपावरून काहीतरी पडायलंय!” ड्रायव्हरने गाण्याचा आवाज वाढवला. मावशी पुन्हा ओरडल्या. पण लक्षात कोण घेतो? हरिभाऊच आधी पडले होते.

जीप थांबली तेव्हा सुतळी सुटून मराठी साहित्य अर्धा किलोमीटर पसरलं होतं. सगळी जीप उतरली. मागून आलेला टोळीचा ट्रॅक्टरही थांबला. त्यातल्या बायांनी पानं वेचली, एकीने लक्ष्मीबाई टिळकांना पदराने पुसून माझ्या हातात दिलं आणि मुकादम ओरडला तशा सगळ्या धावत वर चढल्या. आभार मानायचे राहिले.

पुस्तकं सापडली, पण पोत्यात जाईनात. प्रत्येकाने आपापलं सापडलेलं मांडीवर घेतलं. दुधाच्या कॅनवाल्या मामांनी ‘बलुतं’ उघडलं आणि गप्प झाले. एका गुरुजींनी हरिभाऊंच्या कादंबरीत छपाईच्या चुका काढायला घेतल्या. कॉलेजातल्या पोराला गोडसे भटजी मिळाले होते. हे भटजी 1857 साली दक्षिणेच्या आशेने कोकणातल्या वरसईहून निघाले आणि थेट बंडाच्या धामधुमीत सापडले. ठिकठिकाणी लुटले गेले, तरी गंगाजल घेऊन घरी परतले. एकंदरीत माझ्यापेक्षा बरा प्रवास झाला म्हणायचा.

दीनदयाळ माझ्या शेजारच्या आज्जींकडे. “ह्यो कोण?”

“सहावा निजाम, आज्जी. महबूब अली.”

“म्हंजे आमच्या टायमाच्याचा बाप.” रझाकारांच्या धाकाने त्यांच्या वडिलांनी तांब्या-पितळेची भांडी गोठ्यात पुरली होती. पोलीस ॲक्शन झाली, सप्टेंबर 1948 मध्ये राज्य बदललं, भांडी निघाली. परात मात्र सापडली नाही. अजून गोठ्यात असंल, म्हणाल्या. मग एका फोटोवर त्यांचं बोट थांबलं. सरदार खुर्च्यांवर बसलेले, कडेला एक नोकर उभा.

“ह्यांची नावं लिव्हलीत खाली?”

“हो.”

“ह्याचं?”

मी वाचून पाहिलं. नव्हतं.

“मंग असू दे,” म्हणाल्या आणि पान उलटलं. मला खिडकीबाहेर बराच वेळ बालाघाटाचे डोंगर बघावे लागले. निसर्गवर्णनाची माझी कुवत तेवढीच.

मांजरसुंब्याला कॉलेजकुमार उतरला, हातात भटजी. “सर, झाशीला वेढा पडलाय. आत्ता कसं देऊ?” त्याने माझा नंबर घेतला. मी दिला. लुटणारा इतका नम्र असला की विरोध सुचत नाही.

बीडला ड्रायव्हरने पोत्याचं पूर्ण सीट लावलं. मी वाद घातला: पोतं टपावर होतं, शिवाय त्यातलं एक पुस्तक मांजरसुंब्यालाच उतरलं.

“टपावर केजपर्यंतच होतं की सर,” तो म्हणाला. “तिथून पुढं सगळी पुस्तकं आत बसून आलीत.”