९१ गुणांच्या बाटलीच्या परीक्षकांस, घाटाखालून

प्रति,
मा. लेखक-संपादक,
वाईनची वार्षिक मार्गदर्शिका (यंदाची आवृत्ती, पुठ्ठा बांधणी)



आपला ग्रंथ पोचला. पुण्याच्या भाच्याने दिवाळीत भेट दिला. मागची किंमत वाचून माझ्या मनात काय आलं ते भाच्याला सांगितलं नाही, तुम्हालाही सांगत नाही.

पौषात व्याही हुरड्याला येणार होते. डॉक्टरांनी त्यांची व्हिस्की बंद केली आहे आणि रेड वाईन चालते असं त्यांनी स्वतःच ठरवलं आहे. तेव्हा म्हटलं, ग्रंथ हाताशी असताना अंदाजपंचे कशाला? उघडलं पान. नाशिकची शिराझ, १०० पैकी ९१ गुण. ‘काळी मिरी, पिकलं जांभूळ, जुन्या चामड्याचा दरवळ, अजून काही वर्षं खुलत जाईल.’ खामगावात शोधली आणि नवल म्हणजे सापडली.

आमच्याकडे वाईन दुकानाच्या सगळ्यात वरच्या फळीवर असते, पत्र्याला लागून. खालच्या फळ्या रोज हलणाऱ्या मालासाठी. दुकानदाराने स्टूल लावलं, बाटली काढली, खांद्यावरच्या दुपट्ट्याने धूळ पुसली. उजेडाकडचं अर्धं लेबल पिवळं पडलं होतं. मी पुस्तकातलं नाव ताडून पाहतोय हे बघून तो म्हणाला, “घ्या ना साहेब, बिनधास्त. दोन उन्हाळे पाह्यले तिनं. चांगली मुरली असन आता.”

शेतात आगटीशेजारी ती उघडली. बूच आधीच बोटभर वर सरकलेलं, कडेने ओघळलेला रस लेबलावर वाळून काळा पडलेला. पेल्यात उतरला तो रंग विटकरी. चव म्हणाल तर उकळलेल्या मनुकांचं पाणी आणि वर थोडं व्हिनेगर. व्याही सज्जन माणूस. म्हणाले, “वेगळी आहे.” जावयाने तुमचं पुस्तक उचललं, ते पान दोनदा वाचलं आणि काही न बोलता मिटून ठेवलं. ते न बोलणं तुमच्या खात्यावर मांडून ठेवलंय.

आता किरकोळ तक्रारी आधी उरकतो. कशासोबत काय प्यावं याची तुमच्याकडे भली मोठी यादी आहे, पण हुरडा, लसणाची चटणी, झणझणीत पाटोडीचा रस्सा यांचा तीत पत्ता नाही. गुणपद्धती अमेरिकेच्या वाईन-समीक्षक रॉबर्ट पार्करची, म्हणजे पहिले ५० गुण बाटलीला नुसत्या हजेरीचे. इतक्या उदार हाताने आमच्या बोर्डानेही कधी मार्क वाटले नाहीत. आणि कोणतं साल चांगलं, कोणतं वाईट याचा तुमचा तक्ता सप्टेंबर-ऑक्टोबरात द्राक्षं तोडणाऱ्या युरोपचा. नाशिकची तोडणी जानेवारी ते मार्चमध्ये असते. बोर्दोमध्ये कुठल्या साली पाऊस लांबला, याचं दिंडोरीच्या बागायतदाराला काय होय?

हे सगळं मी पोटात घातलं असतं. पोटात जात नाही ती गोष्ट वेगळीच.

वाईनला बारा ते पंधरा अंशांचा गारवा लागतो, अंधार लागतो, बूच असलं तर बाटली आडवी लागते, हे तुम्हीच प्रस्तावनेत लिहिलंय. आणि नाशिकहून निघालेला ट्रक धुळे-जळगाव करत मलकापूरला उतरतो तेव्हा मे महिन्यात इथला पारा ४४-४५ वर असतो. पुढे ती बाटली पत्र्याखाली उभी. उष्णतेने आतला रस फुगतो, बूच ढकलतो, हवा आत शिरते, आणि जे जांभूळ वगैरे तुम्हाला भेटलं होतं ते शिजून निघतं. फिरकीचं झाकण असलं तर गळणार नाही इतकंच, शिजायचं ते शिजतंच. तुमचे ९१ गुण नाशिकच्या गार तळघरातून आलेल्या बाटलीचे. माझ्या हातात आली ती नावाने तीच, बाकी सगळी दुसरी.

फ्रान्समधल्या एकाच टेकडीच्या वरच्या उताराची आणि खालच्या उताराची वाईन कशी निराळी, यावर तुम्ही अख्खं प्रकरण खर्ची घातलंय. आमच्या बुलढाणा जिल्ह्यात लहान पोरालाही घाटावर आणि घाटाखाली कळतं. बुलढाणा शहर अजिंठ्याच्या डोंगरावर, इंग्रज साहेबांनी वऱ्हाडातली थंड जागा म्हणून पसंत केलेलं; खाली मोताळा, मलकापूर, नांदुरा, खामगाव भट्टीसारखे तापतात. एकच बाटली वर ठेवली तर कदाचित तरेल, खाली ठेवली तर मरेल. उतारांवर एवढा जीव असलेल्या माणसाला हा एवढा मोठा घाट दिसू नये?

वार्षिक भाकिताचं म्हणाल, तर आम्हाला त्याचं अप्रूप नाही. आमच्याच जळगाव जामोद तालुक्यात भेंडवळ आहे. अक्षय्य तृतीयेच्या संध्याकाळी शेतात घट मांडतात, भोवती अठरा धान्यं ठेवतात, आणि दुसऱ्या दिवशी पहाटे पाऊस, पिकं, राजाची गादी सगळ्यांचं भाकीत करतात. साडेतीनशे वर्षांची परंपरा सांगतात. मला त्यातलं अक्षर पटत नाही. पण एक मानावं लागेल: भाकीत सांगणारा त्याच शेतात, त्याच लोकांसमोर पुढल्या वर्षी पुन्हा उभा राहतो. कपाशीचं अमुक म्हणाला होतात, तमुक झालं, असं कोणीही तोंडावर विचारू शकतो. ह्यू जॉन्सन यांनी १९७७ मध्ये खिशात मावणारं वाईनचं वार्षिक पुस्तक काढलं तेव्हापासून तुमच्या धंद्याची सोय अशी, की नवी आवृत्ती आली की जुनी रद्दीत. हिशेब कोण मागणार, आणि कुठे?

एक कबूल करतो, मधेच तुमची दयाही आली. कॅलिफोर्नियात रॉबर्ट हॉजसन नावाचे, संख्याशास्त्र शिकवलेले निवृत्त प्राध्यापक स्वतः वाईन करायचे. राज्याच्या मोठ्या स्पर्धेत त्यांनी परीक्षकांना न सांगता एकाच बाटलीतली वाईन तीन वेळा चाखायला दिली. २००८ मध्ये निकाल छापला: तिन्ही वेळा साधारण सारखेच गुण देणारे परीक्षक दहात एक. बाकीच्यांच्या हाती तीच वाईन कधी वर चढली, कधी खाली आली. वाचलं आणि तुम्ही डोळ्यांसमोर आलात. सकाळी दहाला पांढऱ्या टेबलापाशी, पुढे पेल्यांची रांग, दात जांभळे, जीभ बधिर, आणि प्रत्येक घोट चूळ भरून बादलीत थुंकायचा. चवीवर जगणाऱ्या माणसाला एक बाटली शेवटपर्यंत, गप्पा मारत, व्याह्यांच्या संगतीने प्यायला मिळत नाही. कसली नोकरी हो ही!

पण मग प्रस्तावनेतलं ते एक वाक्य आठवतं आणि दया संपते. ‘वाईन नेहमी विश्वासू दुकानदाराकडूनच घ्यावी.’ कोण विश्वासू दुकानदार? कुठे आहे तो? त्याचा पत्ता तुमच्या पाचशे पानांत का नाही? आमचा दुकानदार लबाड नाही, त्याला कोणी सांगितलेलंच नाही. कंपनीचा माणूस येतो, पोस्टर लावतो, जातो. २७ जानेवारी २०२२ ला मंत्रिमंडळाने सुपर मार्केटात वाईन विकू द्यायचं ठरवलं तेव्हा संस्कृती बुडाली की शेतकरी तरला यावर महाराष्ट्र भांडला. बाटली कुठल्या फळीवर, किती अंशांत ठेवणार, हे एकानेही विचारलं नाही. आणि किंमत मात्र खामगावला तीच, पुण्याला तीच. पुण्याचा माणूस वाईन घेतो, आम्ही त्याच पैशात काढा घेतो, आणि वर ‘गावाकडच्यांना चव कळत नाही’ हेही आम्हीच ऐकायचं. कळते चव. विटलेलं कळायला पुस्तक लागत नाही.

म्हणून पुढच्या आवृत्तीसाठी मागणी. जांभूळ आणि चामडं कमी करा. बाटलीच्या मागे बारीक अक्षरात बॅच आणि महिना छापलेला असतो, तो वाचायला शिकवा. बूच तोंडाबाहेर डोकावत असेल तर बाटली परत द्या, असं जाड ठशात छापा. शेनिन ब्लांसारखी पांढरी वर्ष-दीड वर्षात संपवा आणि घाटाखाली उन्हाळा ओलांडलेली कुठलीच घेऊ नका, हेही.

पटत नसेल तर मे महिन्यात या. मलकापूर स्टेशनवर उतरा, मी घ्यायला येतो. येताना ९१ गुणांची ताजी बाटली आणा. ती आपण त्याच वरच्या फळीवर ठेवू, तोवर तुम्ही माझ्याकडे राहा, पंखा आहे. महिनाअखेर उघडू. पहिला पेला तुमचा. फक्त या वेळी थुंकायचं नाही.

आपला,
घाटाखालचा एक वाचक