कंसातले काका

न्यू जर्सीतल्या पार्सिपनीत कुठल्याही मराठी घरी पॉटलक असलं, की गप्पांची गाडी शेवटी पेशवाईवर येतेच. कुणीतरी मसालेभाताचा घास उचलत म्हणतं, ‘‘नानासाहेब पेशव्यांनी काय केलं माहितीये?’’ आणि कोपऱ्यातल्या सोफ्यावरून प्रश्न येतो, ‘‘कोणत्या?’’

सांगणाऱ्याचा घास हातातच राहतो. काका खुलासा करतात : एक नानासाहेब म्हणजे बाळाजी बाजीराव, पानिपतानंतर १७६१ मध्येच गेलेले. दुसरे १८५७ चे, दुसऱ्या बाजीरावांचे दत्तक पुत्र. ‘‘दुसऱ्या म्हटलं, कारण पहिलेही होते,’’ हेही वर. तोवर किस्सा आणि भात दोन्ही गार झालेले असतात.

काकांनी उभी हयात औषधांच्या बाटल्यांवरची लेबलं तपासण्यात घालवली. निवृत्त झाल्यावर हात स्वस्थ बसेनात, म्हणून ते मराठी विकिपीडियावर गेले. तिथे लेख लिहिणारे लिहितात. काका फक्त मथळे सरळ करतात. ‘स्थानांतरण’ (म्हणजे लेखाचं नाव बदलणं), ‘पुनर्निर्देशन’ हे त्यांचे रोजचे शब्द. एकाच नावाचे लेख मथळ्यात कंस घालून वेगळे करायचे, त्याला म्हणतात ‘निःसंदिग्धीकरण’. हा शब्द एका दमात आणि न अडखळता म्हणणारा दुसरा माणूस मॉरिस काउंटीत सापडायचा नाही. काकूंना तो अजून जमत नाही. त्या ‘ह्यांचं ते कंसाचं काम’ एवढंच म्हणतात.

काकांचं लाडकं प्रकरण आपट्यांचं. हरी नारायण आपटे आणि नारायण हरी आपटे. दोघेही कादंबरीकार, आणि बापलेक मात्र नव्हेत. पहिल्यांनी ‘पण लक्षात कोण घेतो’ लिहिली. दुसऱ्यांच्या ‘न पटणारी गोष्ट’वरून शांतारामबापूंनी १९३७ मध्ये ‘कुंकू’ चित्रपट काढला. मराठी माणूस दोघांनाही आद्याक्षरांत बसवतो : ह. ना. आणि ना. ह. दोन अक्षरांची अदलाबदल झाली, की कुंकू भलत्याच्याच कपाळी. आजोबांचं नाव नातवाला द्यायच्या आपल्या चालीवर काकांचा म्हणूनच राग आहे. हरीचा नारायण, नारायणाचा हरी, अशी घराणी आगगाडीच्या डब्यांसारखी चालत राहतात, आणि कोणता डबा कुठला हे गार्डालाच माहीत.

‘‘मग कंसात व्यवसाय घाला की,’’ असं एकदा एका भाबड्या पाहुण्याने सुचवलं. त्याची त्या संध्याकाळची जर्सी सिटीची गाडी चुकली. काकांनी त्याला सुलोचना सांगितली. लावणी गाणाऱ्या सुलोचना चव्हाण कंसात ‘गायिका’ लिहून सुटतात, कबूल. पण मराठी-हिंदी पडद्यावरच्या आई सुलोचना लाटकर, आणि मूकपटांच्या काळापासून गाजलेल्या रूबी मायर्स ऊर्फ सुलोचना? दोघींच्याही कंसात ‘अभिनेत्री’. कंस केला आणि गोंधळ आत कोंडला, एवढंच.

त्यापेक्षा सिद्धेश्वरशास्त्री चित्राव शहाणे, असं काकांचं मत. त्यांनी प्राचीन चरित्रकोशात एका नावाच्या माणसांना सरळ क्रमांक देऊन रांगेत उभं केलं. मराठी विश्वकोशाने आडनाव पुढे घेतलं आणि खाली जन्म-मृत्यूच्या तारखा दिल्या. त्यालाही काकांची मान्यता आहे. ‘वसंत’पुढे मात्र ते हात टेकतात. बापट, कानेटकर, सबनीस, सरवटे, शिवाय देसाई, प्रभू, पवार हे तीन संगीतकार. आणि मूळ मथळ्यावर हक्क सांगायला ऋतू उभाच.

शेजारपाजारचे हसतात तेव्हा काका खिडकीबाहेर बोट दाखवतात. न्यू जर्सीत आज पाच वॉशिंग्टन टाउनशिप आहेत, आणि त्यांतली एक आपल्याच मॉरिस काउंटीत. ओळखायची कशी, तर पुढे काउंटी लावून. ‘‘कंसच की हा!’’ मर्सर काउंटीतली सहावी होती, तिने २००८ मध्ये रॉबिन्सव्हिल हे नाव घेतलं. त्या गावाबद्दल बोलताना काकांचा आवाज हळवा होतो. अख्ख्या गावाचं स्थानांतरण, आणि तेही लोकांच्या मतांनी!

काकांच्याच नावा-आडनावाचे आणखी दोघे इथल्या मराठी मंडळात आहेत. लोकांच्या फोनमध्ये एकापुढे ‘(एडिसन)’ आहे, दुसऱ्यापुढे ‘(तबला)’. काकांपुढे ‘(कोणता)’.

मागच्या उन्हाळ्यात नातवाचं बारसं झालं. अमेरिकन शिक्षकांच्या जिभेला झेपेल असं नाव सुनेने आधीच काढून ठेवलं होतं. आत्याने बाळाच्या कानाशी ‘कुर्रर्र’ केलं आणि नाव जाहीर केलं : रोहन. पेढे फिरू लागले. काकांनी चष्मा कपाळावर चढवून फोन काढला होता. ‘‘गावसकरांचा रोहन. ज्याच्यावरून त्यांनी ते नाव ठेवलं तो कन्हाय. टेनिसमधला बोपण्णा. मग हा कोणता म्हणायचा?’’

आत्याने पाळण्याची दोरी त्यांच्या हातात दिली.

‘‘हा, बाबा. रडतोय तो.’’