काकांचं ॲव्हरेज

नवी स्कूटर घेऊन आलो त्या संध्याकाळी काका खाली उतरले. तिला एक प्रदक्षिणा घातली, टायर बुटाने दाबून बघितले, आरशात स्वतःच्या मिशा पाहिल्या आणि मग विचारलं, ‘‘ॲव्हरेज किती देते?’’

‘‘कंपनी म्हणते पन्नास.’’

‘‘कंपनी म्हणेलच. कंपनी कात्रजला राहते का? घाटात किती?’’

मी ठोकून दिलं, ‘‘चढताना तीस, उतरताना साठ. म्हणजे पंचेचाळीस पडेल.’’

काकांनी माझ्याकडे असं पाहिलं, की माझ्या पदवीबद्दल मलाच शंका यावी. ‘‘चाळीस,’’ ते म्हणाले. ‘‘समज, साठ किलोमीटर चढ आहे. पेट्रोल गेलं दोन लिटर. साठ किलोमीटर उतार. गेलं एक लिटर. तीन लिटरात एकशेवीस. किती झाले? चाळीस. चढ जास्त पितो, म्हणून चढाचं वजन जास्त. तीस आणि साठची बेरीज करून दोनाने भागायला काय, लिंबं आहेत का?’’

हिशेब बरोबर होता. काकांचे हिशेब नेहमी बरोबरच असतात, आणि त्यांच्या घरातलं सगळं दुःख तिथूनच सुरू होतं.

काकांचं खरं नाव दारावरच्या पाटीवर आहे, पण ते फक्त कुरियरवाला वाचतो. बाकी सगळी सोसायटी त्यांना ॲव्हरेजकाका म्हणते. नोकरी बस डेपोत झाली. दहा लिटर डिझेलला कुठली गाडी किती किलोमीटर गेली, याचं रजिस्टर त्यांच्याकडे होतं. कोणता ड्रायव्हर अर्ध्या क्लचवर पाय ठेवून चालवतो, हे गाडीत न बसता नुसत्या आकड्यांवरून ते ओळखत. दर महिन्याची यादी फळ्यावर लागायची आणि तळाची नावं काकांना बघून रस्ता बदलायची. निवृत्त झाले तेव्हा रजिस्टर डेपोत राहिलं, सवय तेवढी घरी आली. नातवाच्या शाळेत बाई म्हणाल्या, ‘‘मुलगा तसा ॲव्हरेज आहे.’’ काकूंचा चेहरा पडला. काकांनी उत्साहाने विचारलं, ‘‘किती?’’

हीच सवय काकांनी शेअरबाजारातही नेली, म्हणून तिथलं ‘ॲव्हरेज करणं’ म्हणजे काय, ते आता सांगायला हवं. तुम्ही एक शेअर दोनशेला घेतला. तो एकशेवीसवर आला. शहाणा माणूस इथे दोन प्रश्न विचारतो: का पडला, आणि आज हातात नसता तर मी तो एकशेवीसला घेतला असता का? ॲव्हरेज करणारा तिसराच प्रश्न विचारतो: आणखी किती घेऊ? आणखी तेवढेच घेतले की खरेदीचा सरासरी भाव एकशेसाठ होतो. आता शेअर परत दोनशेवर जायची गरज उरत नाही, एकशेसाठला पोहोचला की सुटका. ऐकायला इतकं सोपं आणि इतकं शहाणपणाचं वाटतं, की पुणे स्टॉक एक्स्चेंज १९८२ साली सुरू झालं आणि पुढे बंदही पडलं, पण ही युक्ती काही बंद पडली नाही. सदाशिव पेठेतून ती मोबाइलमध्ये शिरली, एवढाच फरक. हिंदीवाले ‘ॲव्हरेज मारो’ म्हणतात. आपल्याकडे ‘करून टाक’ म्हणतात. ‘अडकलायस ना? मग करून टाक.’

काकांना त्यांच्या शेअरची टीप केस कापताना मिळाली. कंपनीचं नाव लिहीत नाही, कारण लिहिलं तर ‘इतका खाली आलाय तर घेऊन ठेवू’ म्हणून निदान दोन वाचक घेतील. सुरुवात शंभर शेअर, भाव २००. गेले वीस हजार. १२० झाला तेव्हा आणखी शंभर. ॲव्हरेज १६०. पुढे ६०वर आला, काकांनी दोनशे घेतले. ॲव्हरेज ११०. ३०वर आला, चारशे घेतले. ॲव्हरेज ७०. ११वर आला तेव्हा काका म्हणाले, ‘‘आता काय खाली जाणार?’’ आणि फंडाच्या पैशातून हजार उचलले. अठराशे शेअर, एकूण ६७ हजार, ॲव्हरेज ३७ रुपये २२ पैसे. भाव त्यानंतर ९ झाला. अकरावरून नऊ म्हणजे दोनच रुपये, असं आपल्याला वाटतं. टक्क्यात अठरा होतात. शेअर दोनशेचा असो की अकराचा, शून्यापर्यंतचा रस्ता दोघांनाही शंभर टक्केच असतो.

पण हे मी काकांना कोणत्या तोंडाने सांगू? रोज सकाळी कात्रजच्या तलावाच्या काठाने फिरताना ते मला प्रगती ऐकवतात. ‘‘दोनशेवरून सदतीसवर आणलं! पाच वर्षांत!’’ लोकांचे शेअर वर जातात, काकांचं ॲव्हरेज खाली येतं, आणि दोघांच्या चेहऱ्यावरचा आनंद अगदी सारखा असतो. मला तर वाटतं, काकांचा जास्त निर्मळ. भाव कोणाच्या हातात नसतो, ॲव्हरेज मात्र स्वतःच्या हाताने हलवता येतं. डेपोत गाडी जुनी असली, रस्ता खराब असला, तरी रजिस्टरमधला आकडा सुधारणं हेच काम होतं. तेच ते अजून करताहेत.

वर जाणाऱ्या शेअरशी मात्र त्यांचं अजिबात जमत नाही. ९०ला घेतलेला एक चांगला शेअर त्यांच्याकडे होता. १४०वर गेला तेव्हा मी म्हटलं, ‘‘काका, कंपनी चांगली आहे, आणखी थोडे घ्या.’’ ते दचकले. ‘‘एकशेचाळीसला? ॲव्हरेज बिघडेल की!’’ दुसऱ्या दिवशी विकून मोकळे झाले आणि आलेले पैसे त्या पडत्या शेअरमध्ये घातले. चांगल्या ड्रायव्हरचं डिझेल काढून खटारा गाडीत भरावं, तसं. डेपोत असं कोणी केलं असतं तर त्याची बदली झाली असती.

सोसायटीचे सेक्रेटरी एकदा म्हणाले, ‘‘काका, त्या कंपनीने तुम्हाला कात्रजचा घाट दाखवला.’’

कात्रजमध्ये राहणाऱ्या माणसाला ही म्हण ऐकवणं म्हणजे आळंदीकराला पायरीवर बसून माउलींचा पत्ता सांगणं. काका लगेच सरसावले. एप्रिल १६६३. महाराज लालमहालात शिरून शाहिस्तेखानाची बोटं छाटून बाहेर पडले, आणि पाठलागावर निघालेल्या फौजेला या घाटात पलिते दिसले. फौज घाट चढत गेली. वर पोहोचून बघतात तर बैल. शिंगांना पलिते बांधलेले. मावळे तिकडे सिंहगडावर. आपण लहानपणापासून ऐकतो ती गोष्ट.

‘‘म्हणजे काका, ती पहिली बुल रन म्हणायची,’’ सेक्रेटरी म्हणाले. ‘‘उजेड दिसला म्हणून लोक त्याच्यामागे पळाले, आणि वर गेल्यावर हाती बैल.’’

काका क्षणभर गप्प झाले. मग म्हणाले, ‘‘फौजेचं तिथेच चुकलं. एवढं चढून गेले आणि हात हलवत परत आले. मी असतो तर बैल घेतले असते. त्या वेळी स्वस्त मिळाले असते.’’

ॲव्हरेज करण्याच्या बाजूने काकांकडे दाखले असतात. त्यातला आवडता २००८चा. त्या जानेवारीत रिलायन्स पॉवरचा आयपीओ आला, किरकोळ गुंतवणूकदारांना ४३० रुपयांना. अर्जांची झुंबड उडाली होती. ११ फेब्रुवारीला शेअर बाजारात उतरला आणि पहिल्याच दिवशी चारशेच्या खाली बंद झाला. मग कंपनीने प्रवर्तकांना वगळून बाकीच्यांना पाचाला तीन असे बोनस शेअर दिले. ४३०चा खर्च भागिले १.६, म्हणजे २६९ रुपये. ‘‘बघ,’’ काका म्हणतात, ‘‘अंबानींनासुद्धा शेवटी ॲव्हरेजच करून द्यावं लागलं.’’ तो शेअर काकांकडे नव्हता, दाखला मात्र तोंडपाठ. फरक इतकाच, की तिथली किंमत प्रवर्तकांनी आपल्या हिश्श्यातून मोजली. काका ती फंडातून मोजतात.

दुसरा दाखला २३ मार्च २०२०चा. सेन्सेक्स एका दिवसात ३,९३४ अंकांनी कोसळून २६ हजारांच्या खाली गेला. मधे पाऊण तास बाजारच बंद ठेवावा लागला. दोन दिवसांनी आपण सगळेही घरात बंद झालो. आणि पुढच्या जानेवारीत तोच सेन्सेक्स ५० हजाराला शिवून आला. ‘‘त्या वेळी ज्यांनी ॲव्हरेज केलं, त्यांचं सोनं झालं की नाही?’’ काका विचारतात. झालं, नाही कसं म्हणू? पण सोनं झालं ते निर्देशांक घेणाऱ्यांचं. काकांच्या कंपनीला बातमी पोहोचलीच नाही. सगळे परत वर निघाले तेव्हा ती घाटाच्या पायथ्याशी बॉनेट उघडून उभी होती.

आता काकूंविषयी. काकूंना शेअरबाजारातलं काही कळत नाही, असं काका म्हणतात. त्या दर महिन्याला एक हजार रुपये निफ्टीच्या इंडेक्स फंडात टाकतात, भिशीचा हप्ता भरावा तशा, आणि विसरून जातात. युनिटचा भाव ५० असला तर वीस युनिट मिळतात, ४०ला पंचवीस, २५ला चाळीस. तीन हजारात पंच्याऐंशी युनिट, म्हणजे एक पडला ३५ रुपये २९ पैशांना. तिन्ही भावांची साधी सरासरी काढली तर ती मात्र ३८ रुपये ३३ पैसे. कागदावर हे मांडलं तेव्हा मीच चमकलो. हा तर काकांचा घाटाचा हिशेब! तिथे अंतर सारखं, इथे रक्कम सारखी. तिथे चढ जास्त पेट्रोल पितो, इथे उतार जास्त युनिट देतो.

काकांना दाखवलं. ते उसळले. ‘‘मग मी वेगळं काय केलं? पहिली खेप सोडली तर दर वेळी अकरा-बारा हजारच घातले ना? माझीही एसआयपीच!’’

आकड्यांपुरतं त्यांचं बरोबर होतं. उत्तर काकू देत होत्या, पण न बोलता. त्या वेळी त्या टोमॅटो निवडत होत्या, आणि मऊ पडलेला एक त्यांनी सहज उचलून बाजूच्या सुपात टाकला. निफ्टीतही पन्नास कंपन्या असतात, वर्षातून दोनदा फेरतपासणी होते, मागे पडलेली बाहेर आणि दुसरी आत. काकांच्या टोपलीत एकच टोमॅटो आहे आणि तोच ते पुन्हा पुन्हा विकत घेताहेत.

टोमॅटोवरून आठवलं. एकदा काकांनी मंडईतून ऐंशी रुपयांनी एक किलो टोमॅटो आणला. पंधरवड्यात भाव दहावर आला. काका पाच किलो घेऊन घरी हजर. ‘‘एकशेतीस भागिले सहा. किलोला एकवीस रुपये सदुसष्ट पैसे पडला!’’

‘‘पण पहिला किलो आपण खाऊन संपवला हो,’’ काकू म्हणाल्या. पुढे आठवडाभर आम्हा शेजाऱ्यांनाही टोमॅटोचं सार होतं.

काकांना खरा धक्का बसला तो जुलैत, विवरणपत्र भरताना. भाचा सीए आहे. तो म्हणाला, ‘‘मामा, आयकर खातं तुमचं ॲव्हरेज मानत नाही. डिमॅटमधले जे आधी घेतले तेच आधी विकले, असं धरतात. प्रत्येक खरेदीचा भाव वेगळा.’’

‘‘मानत नाही म्हणजे?’’

‘‘म्हणजे कायद्याच्या दृष्टीने तुमचे शंभर शेअर अजूनही दोनशेलाच घेतलेले आहेत.’’

पाच वर्षांची तपश्चर्या सरकारदरबारी नोंदलेलीच नव्हती. दोन दिवस काका फिरायला आले नाहीत. कठड्यापाशी मी एकटाच उभा राहून पाणी बघत होतो. याच तलावातून पेशव्यांनी शहरात पाणी नेलं, नुसत्या उताराच्या जोरावर. उताराचा काही उपयोग करून घेतला असेल तर तो त्यांनीच.

तिसऱ्या दिवशी संध्याकाळी बेल वाजली. दारात काका, हातात कात्रज डेअरीच्या श्रीखंडाचा डबा, मागे काकू.

‘‘शंभर विकले,’’ काका म्हणाले.

मी उभाच राहिलो. काका आणि विकले? ‘‘किती आले?’’

‘‘नऊशे. पण ते सोड. विकले कुठले? आधी घेतलेले आधी! दोनशेवाले!’’ खिशातून डायरी निघाली. ‘‘सदुसष्ट हजारातून वीस हजार गेले, राहिले सत्तेचाळीस. शेअर उरले सतराशे. भागाकार कर. सत्तावीस पासष्ट! एक पैसा न घालता ॲव्हरेज साडेनऊ रुपयांनी खाली! आणि हे सरकारमान्य!’’

‘‘आणि तोटा किती झाला म्हणाला भाचा?’’ काकूंनी वाट्या मांडता मांडता विचारलं.

‘‘एकोणीस हजार शंभर. तो आठ वर्षं पुढे ओढता येतो,’’ काका तिकडे न बघता म्हणाले. ‘‘आता उद्या एकशेवीसवाले काढले, तर सोळाशे शेअर, पस्तीस हजार… एकवीस अठ्ठ्याऐंशी!’’

काकूंनी माझ्या वाटीत श्रीखंड वाढलं, स्वतःच्या वाटीत वाढलं. मग शांतपणे म्हणाल्या, ‘‘सगळेच विकून टाका ना. शून्यावर येईल.’’

काकांचा चमचा डब्याच्या काठाशी थांबला. त्यांनी एकदा काकूंकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे. मग चमचा तसाच खाली ठेवून त्यांनी चष्मा वर सरकवला आणि डायरीचं नवं पान उघडलं.