साहेबांनी पाहिले

इंग्रजी भाषेत ‘सी’ या क्रियापदाइतके आखूड आणि त्याच्याइतके बेभरवशाचे क्रियापद दुसरे नसावे, असे आयुष्यभराच्या मास्तरकीनंतर माझे मत बनले आहे. तर्खडकरांच्या भाषांतर पाठमालेवर ज्यांचे इंग्रजी पोसले गेले त्या आमच्या पिढीने ‘सी म्हणजे पाहणे’ हे समीकरण इतक्या श्रद्धेने कंठस्थ केले होते की, पुढे इंग्रजांची पुस्तके आणि इंग्रजांनी मागे ठेवलेल्या कचेऱ्या यांच्याशी संबंध आला तेव्हा हे क्रियापद जगातील यच्चयावत् कामे करताना आढळावे आणि पाहण्याच्या कामावर मात्र बहुधा गैरहजर असावे, याचा आम्हांला उलगडा होईना. ‘आय सी’ असे इंग्रज म्हणतो तेव्हा त्याने काही पाहिलेले नसते; तुम्ही सांगता ते मला समजले, किंवा समजले नाही परंतु तुम्ही आता आवरते घ्या, एवढाच त्याचा आशय असतो. ‘लेट मी सी’ म्हणून तो विचार करण्यासाठी चक्क डोळे मिटून घेतो. स्टेशनावर आप्ताला निरोप द्यायला जातो तेव्हा तो त्याला ‘सी ऑफ’ करतो, आणि दाराशी आलेल्या चोराला पिटाळतो तेव्हाही ‘सी ऑफ’च करतो, गाडीत बसलेल्या आप्ताने यांतला कोणता अर्थ घ्यावा हे त्याच्या मुक्कामाच्या लांबीवरून त्याचे त्यालाच ठरवावे लागत असणार. एखाद्याचे कपट ओळखणे म्हणजे त्याला ‘सी थ्रू’ करणे. परंतु हाच ‘थ्रू’ आपली जागा सोडून त्या मनुष्याच्या पलीकडे जाऊन बसला की त्याच लबाडाला संकटातून सुखरूप पार पाडणे असा अर्थ होतो. एका शब्दयोगी अव्ययाच्या बैठकीवर मनुष्याची अब्रू अवलंबून ठेवणारी ही भाषा सहामाहीच्या पेपरात सोडवताना आमच्या विद्यार्थ्यांनी कोणाकोणाला पार पाडले आणि कोणाकोणाला उघडे पाडले, त्याची गणती नाही.

दोन इंग्रजांचे मतैक्य झाले म्हणजे ते ‘आय टू आय’ पाहतात, आणि हा प्रयोग बायबलातील यशयाच्या ग्रंथाच्या इंग्रजी भाषांतरावरून रूढ झाला असल्यामुळे त्याला धर्माचेही पाठबळ आहे. आमच्याकडे डोळ्याला डोळा भिडला म्हणजे त्यातून एक तर मारामारी उद्भवते किंवा लग्न. मतैक्य दोहोंतही नाही. तसेच इंग्रज आजारी पडला की डॉक्टरला ‘पाहतो’, आपण डॉक्टरला ‘दाखवतो’, आणि या बाबतीत मराठीचा पक्ष मला अधिक सरळ वाटतो, कारण पैसे मोजून नुसते पाहूनच यायचे असेल तर नाटक काय वाईट? याच ‘सी’पासून ‘सीअर’, म्हणजे द्रष्टा, असे भारदस्त नाम झाले आहे. परंतु ज्या चार अक्षरांनी इंग्रज द्रष्टा लिहितो त्याच चार अक्षरांनी त्याने आपला ऐंशी तोळ्यांचा शेरही लिहिला, आणि त्यामुळे जुन्या इंग्रजी दरपत्रकांत रुपयाला इतके द्रष्टे तांदूळ आणि चाळीस द्रष्ट्यांचा एक मण, असा मजकूर सरकारी गांभीर्याने छापून निघत असे. १ ऑक्टोबर १९५८ पासून दशमान वजने येऊ लागली आणि ही मंडळी बाजारातून उठली. आता वाण्याकडे किलो मिळतो. द्रष्टे अन्यत्र शोधावे लागतात.

परंतु या धातूचा खरा पराक्रम आहे तो त्याच्या ‘सीन’ या धातुसाधितात, आणि तो त्याने गाजवला आमच्या कचेऱ्यांत. कागद टपालाने येतो, बारनिशीत त्याची नोंद होते, कारकून त्यावर टिपणी लिहितो, अव्वल कारकून त्या टिपणीखाली रेघ मारतो, शिरस्तेदार त्या रेघेखाली सही करतो, आणि अशा रीतीने मजल दरमजल करीत तो साहेबांच्या मेजावर पोहोचला म्हणजे साहेब त्याच्या समासात एकच शब्द लिहितात : ‘सीन’. खाली आद्याक्षरे, त्याखाली तारीख. या वाक्याला कर्ता नाही, कर्म नाही, क्रियापदही पुरते नाही. कोणी पाहिले, काय पाहिले, पाहून काय वाटले, यांपैकी कशाचाही पत्ता लागू न देता केवळ पाहणे घडले एवढीच नोंद करणारा हा शेरा म्हणजे व्याकरणातला चमत्कारच होय, आणि मी तो तसा आमचे शेजारी अण्णा यांच्यापाशी बोलून दाखवला. अण्णा अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालेले.

“मास्तर,” ते म्हणाले, “तुम्ही व्याकरण शिकवलंत, पण या शब्दाचं व्याकरण आम्हीच जाणतो. कर्ता घातला की चौकशीत सापडतो. काम बिघडलं तर साहेब म्हणणार, मी मंजुरी कुठं दिली होती, नुसतं पाहिलं होतं. काम साधलं तर म्हणणार, प्रकरण पहिल्यापासून माझ्या नजरेखाली होतं. ‘होय’ लिहिणारा अडकतो, ‘नाही’ लिहिणारा अडकतो. ‘सीन’ लिहिणारा मात्र पेन्शन घेऊन घरी जातो.”

या विवेचनाची प्रचीती मला स्वतःच्या एका अर्जावरून आली. माझ्या वडिलांचे नाव केशव. परंतु घराच्या उताऱ्यावर कोणा लेखनिकाच्या हातून मात्रा गळून ते ‘कशव’ असे उमटले होते, आणि वारसनोंदीच्या वेळी मी कशवाचा मुलगा आहे काय, या प्रश्नाला प्रतिज्ञेवर होय म्हणणे मला शक्य नव्हते. म्हणून मी एक सविस्तर, पुराव्यांनिशी अर्ज केला. तो वर गेला, खाली आला, पुन्हा वर गेला. प्रत्येक मुक्कामावर तो पाहिला गेला. शेवटी त्याची नक्कल मी मागवली तेव्हा समासात नवा ‘सीन’ लिहायला जागा उरली नसल्याने पुढच्या अधिकाऱ्याने तो पाठीमागे लिहिला होता. इतक्या डोळ्यांखालून गेलेल्या त्या कागदावर लाल, निळ्या आणि हिरव्या शाईची रेलचेल होती. परंतु काळ्या शाईची एक मात्रा ‘क’वर चढवण्याच्या कामी कोणाचीच मात्रा चालली नव्हती.

याचा सगळा दोष इंग्रजांच्या पदरी घालणे हे मात्र इतिहासाला धरून होणार नाही. पेशवाईतील कागदाच्या शेवटी ‘मोर्तब सुद’ असा शिक्का येतो, आणि त्यातले फारसी ‘सुद’ म्हणजे ‘झाले’. कोणी केले ते तेथेही गुलदस्तात. आपण ज्याला मुलाहिजा म्हणतो तो अरबीत मुळात पाहणे, अवलोकन करणे एवढाच होता. परंतु ज्याच्याकडे पाहून वागायचे त्याची भीडही आपोआप राखली जाते, या अनुभवातून मराठीत त्याचा अर्थ भीडच होऊन बसला. अरबीत ‘नजर’ आणि ‘नजराणा’ यांचे मूळ धातू वेगळे, अक्षरे वेगळी. एक पाहण्याचा, दुसरा नवस बोलण्याचा. भाषाशास्त्रज्ञ या दोहोंत नाते नाही असे शपथेवर सांगतात. ते कचेरीत कधी कामासाठी गेले नसावेत.

साहेबांच्या देशातही हा प्रकार अगदीच अपरिचित नाही. त्यांच्या भाषेत ‘ओव्हरसाइट’ या एकाच शब्दाचे देखरेख आणि नजरचूक असे दोन अर्थ होतात, आणि कोणतीही समिती ‘ओव्हरसाइट’साठी नेमली म्हणजे यांपैकी कशासाठी नेमली हे तिचा अहवाल येईपर्यंत कळत नाही. १८०१ साली कोपनहेगनच्या आरमारी लढाईत वरिष्ठ सेनापती हाइड पार्कर याने युद्ध थांबवण्याचे निशाण चढवले, तेव्हा नेल्सनने दुर्बीण आपल्या उजव्या डोळ्याला लावून मला निशाण दिसत नाही असे सांगितले, ही आख्यायिका प्रसिद्धच आहे. त्या डोळ्याची दृष्टी कॉर्सिका बेटावरच्या १७९४ च्या वेढ्यात गेली होती. मराठीत ज्याला आपण कानाडोळा म्हणतो तो इतक्या शब्दशः दुसऱ्या कोणी केल्याचे माझ्या वाचनात नाही. लढाई जिंकली गेली, पार्करला लवकरच परत बोलावण्यात आले, आणि आरमार नेल्सनच्या हाती गेले. अण्णांना ही हकिकत सांगितली तेव्हा ते बराच वेळ आदराने गप्प राहिले आणि मग म्हणाले, “दुर्बीण लावली हे फार महत्त्वाचं. नुसतं पाहिलं नाही म्हणाला असता तर ठपका बसला असता.”

याच्या उलट, जे नाही ते दिसण्याची शक्तीही सरकारी डोळ्यात वसत असते. मुंबई इलाख्यातल्या खेडा जिल्ह्यात १९१८ साली जो सत्याग्रह झाला त्याच्या मुळाशी कायदा नव्हता, दृष्टी होती. पीक चार आणे किंवा त्याहून कमी आले तर त्या वर्षीचा सारा तहकूब व्हावा, हा नियम सरकारला मान्य होता आणि रयतेलाही; वाद एवढाच की त्याच शेताकडे त्याच बांधावरून पाहिले असता शेतकऱ्याला पीक चार आण्यांच्या आत दिसे आणि अंमलदाराला चार आण्यांच्या वर. गांधींना तेथे जे करावे लागले ते एका परीने दृष्टिदोषावरचे उपचार होते. आजही आपल्या महसूल खात्यात पैसेवारीचा पहिला अदमास ‘नजर अंदाज’ या नावानेच जाहीर होतो. हिंदीत नजरअंदाज करणे म्हणजे दुर्लक्ष करणे, हे ते ठरवताना कोणाच्या ध्यानात आले होते की नाही, कोण जाणे.

आणि तरीही या शेऱ्यासाठी माणसे किती तळमळतात! लॅटिनमध्ये ‘व्हिसा’ म्हणजे ‘पाहिलेली’, म्हणजे पाहिलेला कागद. शुद्ध मराठीत सांगायचे तर ‘सीन’. पहाटेपासून परदेशी वकिलातीच्या दाराशी फायली छातीशी धरून उभे राहणारे आपले तरुण वस्तुतः आपल्या पारपत्रावर कोणी साहेबाने ‘पाहिले’ असे लिहावे एवढ्याचसाठी उभे असतात. ज्या प्राचीन धातूपासून लॅटिनचे हे पाहणे निघाले त्याच धातूपासून आपला ‘विद्’ आणि त्यापासून वेद. तेव्हा वेद आणि व्हिसा हे एकाच कुळातले चुलतभाऊ ठरतात. आमच्या आळीतल्या एका घराण्यात पणजोबा घनपाठी होते आणि पणतू टेक्ससात आहे. त्या घराने कुलाचार मोडला असे जे लोक म्हणतात त्यांनी व्युत्पत्ती पाहावी.

पूर्वी पाहून गप्प बसण्याचा हा अधिकार राजपत्रित होता; तो व्हॉट्सॲपवाल्यांनी २०१४ साली निळ्या खुणा काढून सरसकट खिरापतीसारखा वाटून टाकला. माझी नात परवा भ्रमणध्वनीकडे डोळे वटारून बसली होती, विचारले तर म्हणाली, “आजोबा, त्यानं नुसतं सीन केलंय!” मी तिला म्हटले की माझ्या अर्जाचेही तसेच झाले होते, परंतु दोन प्रकरणे एकाच प्रकारची आहेत हे तिला मान्य झाले नाही. अण्णांनी मात्र नातवाकडून आपल्या यंत्रातली ती निळी खूण पहिल्याच आठवड्यात बंद करून घेतली. मी पाठवलेले सुविचार ते वाचतात की नाही हे मला आजतागायत कळलेले नाही, आणि त्यांची सेवा इतकी निष्कलंक कशी झाली याचा मात्र त्यावरून अंदाज येतो.

दिवाळीत आमच्या वाड्यात तीन पत्तीचा डाव बसतो. या खेळात आपले पत्ते न पाहता पैसे लावणारा तो ‘ब्लाइंड’ आणि पाहून लावणारा तो ‘सीन’. ब्लाइंडने एक रुपया टाकला की सीनने निदान दोन टाकायचे, कारण त्याने पाहिलेले आहे. शिवाय शेवटी दोघेच उरले आणि समोरचा ब्लाइंड असेल, तर सीन झालेल्याला त्याच्याकडे ‘शो’ मागण्याचा हक्कच नाही; ज्याने स्वतः पाहिलेले नाही त्याला दाखव म्हणून कोणत्या तोंडाने म्हणणार? गेल्या खेपेला माझ्या हाती राजा-राणी-गुलाम, तेही एकाच रंगाचे, आले होते, आणि बाकीचे सारे पॅक होऊन समोर एकटे अण्णा उरले होते. त्यांचे तीन पत्ते वाटले होते तसेच चटईवर पालथे पडलेले. ते एक रुपया टाकीत, मी दोन टाकी. त्यांनी पाच टाकले, मी दहा. त्यांनी दहा टाकले, मी वीस. मध्येच त्यांनी पानदानातला अडकित्ता उचलून सुपारी कातरली, आणि कातरता कातरता आणखी वीस टाकले. माझ्या खिशात चाळीस नव्हते. मी पत्ते टाकले. अण्णांनी नोटा मोजून चष्म्याच्या घरात ठेवल्या, आपले तीन पत्ते उलटून पाहण्याची तसदी न घेता गड्डीत सरकवले, आणि पुढचा डाव पिसायला घेतला.