लीज संपली का?

आमच्या जबलपुरात ‘चर्चचं नूतनीकरण’ असे दोन शब्द उच्चारा, समोरून पहिला प्रश्न येतो: “का बड्डे, लीज संपली का?” विचारणारा नास्तिक नसतो, पास्टरेट कमिटीचा सभासद असतो. त्याचंही चुकत नाही. इथल्या मिशनच्या कितीतरी जमिनी नझुलाच्या, म्हणजे सरकारच्या, पट्ट्यावर घेतलेल्या. आता नेपियर टाऊन आणि सिव्हिल लाइन्समधला भाव ऐकून देवदूतालाही बसायला खुर्ची लागेल. त्यामुळे मंडळीचा आत्मा कधी ताजा व्हायचा तो होवो, पट्टा आधी ताजा झाला पाहिजे. एवढी वर्षं झाली, आमच्या विश्वासाची मुदत कुणी विचारलेली नाही. पट्ट्याची मुदत मात्र पोरासोरांनाही पाठ आहे.

सप्टेंबर 2022 मध्ये तर कहरच झाला. आर्थिक गुन्ह्यांचा तपास करणाऱ्या ईओडब्ल्यूनं इथल्या बिशपांच्या घरावर छापा घातला. हे बिशप म्हणजे साधं प्रकरण नव्हे, अख्ख्या चर्च ऑफ नॉर्थ इंडियाचे तेव्हाचे मॉडरेटर, म्हणजे प्रमुख. घरात दीड कोटीहून जास्त रोकड आणि वर डॉलर सापडल्याचं तपासयंत्रणेनं सांगितलं. शाळांच्या फीचा पैसा इकडेतिकडे वळवल्याचा आरोप झाला, मॉडरेटरपद गेलं. खरंखोटं कोर्ट ठरवील, त्यात मी पडत नाही. मला अडकवून ठेवलंय ते वेगळ्याच गोष्टीनं. साहेब तेव्हा जर्मनीत होते. परतताना त्यांना अटक झाली नागपूरच्या विमानतळावर. आणि चर्च ऑफ नॉर्थ इंडियाचा जन्म कुठला? नागपूरचाच, 29 नोव्हेंबर 1970 चा. अँग्लिकन, बॅप्टिस्ट, ब्रदरेन, डिसायपल्स, ब्रिटिश-ऑस्ट्रेलियन शाखेचे मेथडिस्ट आणि युनायटेड चर्च, अशा सहा घराण्यांनी एक चूल मांडली होती. अमेरिकन परंपरेतले मेथडिस्ट वर्षानुवर्षं बोलणी करून ऐन मुहूर्तावर मांडवातून उठून गेले, ते आजतागायत वेगळे जेवतात. ज्या गावी एकत्र कुटुंबाचा नारळ फुटला, त्याच गावी 52व्या वर्षी कर्त्या पुरुषाला अटक व्हावी, याला आमची आजी ‘लिहिणाऱ्यानं लिहून ठेवलेलं’ म्हणाली असती.

असो. तर नूतनीकरण.

आमच्या मंडळीत (कुठली ते सांगत नाही, पाळकसाहेबांची बदली जवळ आलीय) मध्यंतरी याच विषयावर बैठक झाली. विषयपत्रिकेत क्रमानं: एलईडी पडदा, नवा की-बोर्ड, ड्रमसेट, वेदीमागच्या क्रुसाला निळा दिवा. शेवटी ‘तरुण का येत नाहीत?’ हा प्रश्न, वेळ उरल्यास. तरुणांची बाजू मांडायला युवक चिटणीस हजर होते. वय वर्षं 47. त्यांनी सांगितलं की तरुणांना ड्रम आवडतात. खरे तरुण कुठे आहेत, हे सगळ्यांनाच माहीत होतं. पुण्यात, बंगळूरात, एखादा कॅनडात. तोफगाड्यांचा कारखाना इथे 1904 पासून आहे, पाळक घडवणारं लेनर्ड कॉलेज 1923 पासून. दोन्हीकडचा माल बाहेरगावी जातो, ही शहराची जुनीच रीत. पोरांनी तीच पाळली.

राहिले आम्ही आणि कॅमेरा. 2020 च्या टाळेबंदीत उपासना मोबाइलवर आली ती परत गेलीच नाही. आमच्या एक मावशी पुण्याला लेकाकडे असतात आणि तिथून जबलपूरची उपासना बघतात. प्रभुभोजन सुरू झालं की चहात ग्लुकोज बिस्किट बुडवतात. बरं दिसत नाही म्हटलं तर म्हणाल्या, “अरे, निदान माझ्याजवळ कपबशी तरी आहे. तुमच्याकडे शेजारच्या बाकावर कोण बसलंय, त्याचं नाव तरी ठाऊक आहे का?” ठाऊक नव्हतं. पुढच्या रविवारी विचारलं. गेली 11 वर्षं तो त्याच बाकावर बसतो म्हणाला, आणि माझं नाव त्यालाही माहीत नव्हतं. ड्रमसेटचा आवाज मात्र आम्हां दोघांनाही ठणठणीत ऐकू येत होता.

आजोबा नगरहून कारखान्यातल्या नोकरीपायी इथे आले तेव्हा म्हणे लोक उपासना आटोपल्यावर तासभर तरी अंगणातून हलत नसत. नगरकर ‘सलाम’ करत, इथले ‘जय मसीह की’ म्हणत, आणि दोघं मिळून तिसऱ्याची उणीदुणी काढत. मंडळी म्हणतात ती हीच, असं आजोबांचं मत. आता शेवटचा आशीर्वाद संपायच्या आत स्कूटरी सुरू होतात. खोव्याची जलेबी गरम असेतो पोचायला हवं ना!

नूतनीकरणाच्या विषयावर मराठीत सगळ्यात जिगरीचं काम झालं ते 1917 साली, आणि त्याला एलईडी पडदा लागला नव्हता. रेव्हरंड नारायण वामन टिळक. त्यांना नवा करार मिळाला तो नागपूरहून राजनांदगावला जाणाऱ्या आगगाडीत, एका गोऱ्या सहप्रवाशाकडून. म्हणजे आमच्याच जुन्या मध्य प्रांताच्या मुलखात. त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाईंचं माहेर जलालपूर, नाशिकजवळचं. लहानपणी मी ते जबलपूर वाचायचो आणि उगाच छाती फुगवायचो. 1895 च्या फेब्रुवारीत टिळकांनी मुंबईत बाप्तिस्मा घेतला, आणि मग चर्चमध्ये तेच उलटे मास्तर झाले. विलायती चालीवर ओढून बसवलेली गाणी बाजूला ठेवून अभंग, पदं, भजनं, कीर्तनं आत आणली. तुकारामाच्या पुलावरून आपण ख्रिस्तापाशी आलो, असं ते उघड सांगत. धर्म बदलला म्हणून तुकोबाला दाराबाहेर चपलांपाशी बसवलं नाही. 

इथवरची गोष्ट सगळे मोठ्या कौतुकानं सांगतात. पुढची जरा हळू आवाजात. 1917 मध्ये टिळकांनी मिशनचा पगार सोडला, संन्यासी झाले आणि साताऱ्यात ‘देवाचा दरबार’ मांडला. त्यात बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले, दोघेही शेजारी शेजारी. ख्रिस्ताच्या मागे जायचंय ना, मग बस सतरंजीवर. कल्पना करा, आमच्या कमिटीपुढे हा ठराव आला तर! पहिली हरकत खजिनदाराची: बाप्तिस्मा न घेतलेल्याची वर्गणी कुठल्या रकान्यात लिहायची? दुसरी माझीच: ठाणेदाराला काय सांगायचं? मध्य प्रदेशात धर्मांतराचा कायदा 1968 पासून आहे, 2021 मध्ये तो आणखी आवळला गेला. टिळकांचा दरबार आज इथे भरला तर बिशप हाउस आणि पोलीस चौकी यांच्या पोटात एकाच वेळी दुखेल. तेवढ्यापुरती का होईना, एकी. दोन वर्षांत, 9 मे 1919 ला, टिळक गेले. दरबार त्यांच्यामागे फार टिकला नाही. पगार सोडायची टूम तर मुळीच टिकली नाही.

रोमचीही एक बातमी आम्ही बैठकीत वाचली होती. ऑक्टोबर 2023 मध्ये सिनडसाठी, म्हणजे बिशपांच्या सभेसाठी, पोप फ्रान्सिसनी कार्डिनल, बिशप, बाया, बापे, सगळ्यांना गोल टेबलांभोवती बसवलं आणि सिनडच्या इतिहासात पहिल्यांदाच बायकांना मताचा हक्क दिला. आमच्या सभेनं बातमीचं स्वागत केलं. स्वागत नोंदवून होईतो भगिनीवर्ग चहा घेऊन आला.

आता कुणी म्हणेल, बाहेर काय चाललंय आणि तुमचं हे काय चाललंय. बाहेरचंही ठाऊक आहे. 31 मार्च 2025 ला मंडल्याचे कॅथलिक आदिवासी ज्युबिली वर्षाची यात्रा करत जबलपूरच्या चर्चांना आले. त्यांची बस अडवून रांझी ठाण्यावर नेली, आणि मदतीला धावलेल्या दोन फादरांना तिथेच मारहाण झाली. संसदेपर्यंत गेलं प्रकरण. त्या आठवड्यात आमच्या गल्लीत कुणी कॅथलिक कोण, मेथडिस्ट कोण, असं विचारलं नाही. बाकं भरली. पंधरा दिवसांनी पुन्हा विचारायला लागले, आणि बाकंही पूर्ववत झाली.

एक जागा मात्र मी अशी पाहिलीय, जिथे हे विचारत नाहीत. डिसेंबरच्या दुसऱ्या-तिसऱ्या आठवड्यातली बेकरी. इथे नाताळचा केक विकत आणत नाहीत. मैदा, साखर, लोणी, अंडी, मनुका, बेदाणे असं सगळं सामान घरून न्यायचं, नंबर लावायचा आणि आपल्या अंड्यांवर डोळा ठेवून उभं राहायचं, नाहीतर ती दुसऱ्याच्या घाण्यात जातात. रात्रीचे 11 वाजतात, थंडी मी म्हणते, आणि रांगेत सगळे: कॅथलिक, मेथडिस्ट, आम्ही, रविवारी कुणाच्या तरी हॉलमध्ये जमणारे पेंटेकॉस्टलवाले. शेजारी कोण उभा आहे त्याचं नाव, त्याच्या मुलीचं लग्न, त्याच्या बापाचा गुडघा, सगळं त्या रांगेत कळतं. कॅथलिकांचा मेवा महिनाभर रममध्ये मुरलेला असतो. मेथडिस्टांचा संत्र्याच्या रसात, असं ते सांगतात. बेकरीवाले चाचा डबा हुंगतात आणि काहीच बोलत नाहीत. मग लोणी-साखर फेटता फेटता हाक मारतात, “मसीही भाई, अगला नंबर!” कुठल्या डायसिसचा ते विचारत नाहीत.

गेल्या वर्षी भट्टीत चार-पाच साच्यांवरच्या नावाच्या चिठ्ठ्या जळाल्या. आमच्या युवक चिटणीसांच्या घरी कुणातरी कॅथलिकाचा केक गेला, चांगला महिनाभर मुरलेला. चूक लक्षात आल्यावर ते प्रामाणिकपणे परत द्यायला निघाले. तोवर निम्मा उरला होता.