संकलक व्हायचंय? आधी खुर्ची बघा

पहिली खरेदी खुर्चीची. सॉफ्टवेअर दर दोन वर्षांनी बदलतं, कंबर एकच मिळते. मग हार्ड डिस्क, तीही जोडीनं. एकटी डिस्क डिलिव्हरीच्या आदल्या रात्रीच जाते.

घरच्यांना काय सांगायचं तेही ठरवून ठेवा. ‘एडिटिंग करतो’ म्हणालात की मावशी विचारेल, ‘म्हणजे नको ते सीन कापतोस ना?’ हो म्हणा. फार खोलात शिरलात तर तिच्या मुलीच्या लग्नाचं चार तासांचं शूटिंग तुमच्या गळ्यात पडेल.

दिग्दर्शक व्हायचं होतं, नाइलाजानं इकडे आलात? काही बिघडत नाही. रेणू सलुजा पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये दिग्दर्शनासाठी गेल्या होत्या, प्रवेश मिळाला संकलनाला. पुढे ‘परिंदा’सकट चार चित्रपटांसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाले.

आता चोरी शिकू. कथापटात नायिकेला नवरा गेल्याचं कळतं. सातही टेकमध्ये तिचं रडणं खोटं वाटतंय. घाबरू नका, ‘ॲक्शन’ म्हणण्याआधीचं फुटेज बघा. लाइट लागेपर्यंत ती बसली आहे, डबा कधी येतो याचा विचार करत, नजर शून्यात. तोच तुकडा उचला आणि बातमीनंतर लावा. प्रेक्षक हुंदके देतील आणि बक्षीस तिला मिळेल. शंभर वर्षांपूर्वी रशियात दिग्दर्शक कुलेशोव्हनं हेच दाखवलं होतं: नटाचा चेहरा तोच, पण शेजारचं चित्र बदललं की प्रेक्षकाला भाव वेगळा दिसतो.

ही चोरी हातात बसली की माहितीपट घ्या, म्हणजे पंचाईत कळेल. इथे पटकथा नसते. ती तुम्हीच टेबलावर बसून, शूटिंग झाल्यावर लिहायची. आनंद पटवर्धनांच्या ‘जय भीम कॉम्रेड’चं काम 14 वर्षं चाललं, संकलनही त्यांनीच केलं. तुम्हाला मिळणार तीन आठवडे.

समजा, गिरणगावातल्या एका आजींची मुलाखत आहे. 1982च्या गिरणी संपात घर कसं चालवलंत, असं विचारल्यावर आजी थांबतात. पंख्याकडे बघतात. पदराचं टोक बोटाला गुंडाळतात, सोडतात. अकरा सेकंद गेल्यावर म्हणतात, ‘चहा घेणार ना?’

निर्माता म्हणेल, ‘इथे झोल पडतोय. डोळ्यात पाणी असलेला क्लोजअप आहे ना, तो टाका.’ तसा क्लोजअप आहे. तो सकाळचा, आजी कांदा चिरत होत्या तेव्हाचा.

आता कळलं? मघाशी कथापटात जी हातचलाखी कसब ठरली, तिला इथे लबाडी म्हणतात. टाइमलाइन तीच, कात्री तीच, सेकंदाला फ्रेमही बहुतेक तेवढ्याच. आजी मात्र खऱ्या आहेत, आणि फिल्म झाली की ती बघायला शेजारणींना घेऊन येणार आहेत. (कथापटवाल्यांना हे जड जातं. माहितीपटवाले कथापटात आले की उलटी अडचण: सगळं खरं ठेवतात आणि मध्यंतरापर्यंत कुणी जागं राहत नाही.)

मानधनाचा धडा छोटा आहे: आगाऊ घ्या.

राहता राहिल्या आजी. कांद्याचा क्लोजअप वेगळ्या फोल्डरमध्ये टाका, फोल्डरला कंटाळवाणं नाव द्या आणि निर्मात्याला सांगा, सापडत नाही. ते अकरा सेकंद आहेत तसे राहू द्या.