झिंकच्या पुडीतले पाणी

क्षार पाण्यात विरघळला की त्याचे आयन सुटे होतात. एक लिटर द्रावणात एखाद्या आयनाचे किती मोल आहेत, ती त्या आयनाची संहती. हा हिशोब शाळेतल्या पाढ्यांवर निभावतो. तरी तो जमणाऱ्याच्या चेहऱ्यावर एक तेज चढते. त्या तेजाची संहती अद्याप कोणी मोजलेली नाही.

लिटरभर द्रावणात ५.८५ ग्रॅम मीठ म्हणजे ०.१ मोल. त्यात सोडियम ०.१, क्लोराइडही ०.१. कॅल्शियम क्लोराइडचे तेवढ्याच मोलचे द्रावण घेतले तर क्लोराइड ०.२ भरते, कारण एका कॅल्शियममागे क्लोराइड दोन. ही दोन द्रावणे एकेक लिटर एकत्र ओतली तर मिश्रणात क्लोराइड ०.१५ होते, ०.३ नव्हे, पाणीही दुप्पट झालेले असते, आणि नेमके हेच परीक्षेत विसरले जाते. युरिया पाण्यात झकास विरघळतो, पण स्वतः आयन देत नाही. त्याला कशानेही गुणले तरी उत्तर शून्य.

भंडारा जिल्ह्यात हे गणित धानाच्या बांधीत उतरते. जस्त कमी पडले की धानाच्या पानांवर तांबूस-तपकिरी ठिपके येतात. हा खैरा रोग. त्याचे मूळ जस्ताच्या कमतरतेत आहे, हे पंतनगरच्या कृषी विद्यापीठात डॉ. यशवंत नेने यांनी १९६०च्या दशकात दाखवून दिले. उपाय झिंक सल्फेटचा. दुकानात ते हेप्टाहायड्रेट (हेप्टा) आणि मोनोहायड्रेट (मोनो) अशा दोन रूपांत मिळते. हेप्टामध्ये जस्त २१ टक्के, मोनोमध्ये ३३. लिटरला पाच ग्रॅम टाकले तर हेप्टाच्या द्रावणात जस्ताचे आयन सुमारे १६ मिलिमोल असतात, मोनोच्या द्रावणात सुमारे २५. चमचा तोच, मात्रा दीडपटीहून अधिक.

हा फरक स्फटिकजलाचा. हेप्टाच्या प्रत्येक रेणूला पाण्याचे सात रेणू चिकटलेले असतात, मोनोच्या रेणूला एकच; म्हणजे हेप्टाच्या वजनाचा सुमारे ४४ टक्के भाग पाणीच. तलावांच्या जिल्ह्यातला शेतकरी ते पाणी किलोच्या भावाने विकत घेतो, पिशवीत घालून बांधीवर नेतो आणि पाण्यात टाकतो.

अशा वेळी कृषी केंद्रात एखादा विज्ञानाचा पदवीधर हजर असतोच. (प्रस्तुत लेखक हा या जातीचा प्रातिनिधिक नमुना समजावा.) तो पावतीच्या पाठीवर रेणुवस्तुमाने मांडतो, हेप्टाच्या २८७.५ला मोनोचे १७९.५ भिडवतो आणि जाहीर करतो की, १०० ग्रॅम हेप्टाऐवजी ६२.४ ग्रॅम मोनो पुरे. तोवर दुकानदाराने गिऱ्हाइकाला सांगून टाकलेले असते, ‘‘मोनो हाये जी, अर्ध्याच्या वर थोडासाच टाका.’’ दशांश चिन्हाच्या पुढचा ४ ऐकायला कोणी थांबत नाही.

जस्ताशी भंडारा गावाची ओळख मात्र पुडीच्याही आधीची. हे पितळेच्या भांड्यांचे गाव, आणि पितळ म्हणजे तांबे अधिक जस्त. बिनकल्हईच्या पितळी गंजात ताक किंवा चिंचेचे सार ठेवले की ते कळकते. आंबटाने धातू आयन होऊन सारात उतरतो. सारात मीठ असले तर काम आणखी सोपे होते. म्हणून कथलाची कल्हई. कल्हईवाला भाता मारून भांडे तापवी, नवसागराची चिमूट टाकी, पांढरा धूर उठे, आणि कापसाचा बोळा फिरला की काळवंडलेला गंज आतून चांदीचा होई. नवसागर म्हणजे अमोनियम क्लोराइड. त्याने पृष्ठभागावरचा मळ निघतो आणि कथील धरते. घरातली म्हातारी साराचा थेंब जिभेवर ठेवून सांगायची, ‘‘कळकला, फेकून द्या.’’ मोल तिला ठाऊक नव्हता, तरी दोन भांड्यांतल्या तांब्याची तुलना ती रोज करत होती आणि त्या तुलनेवर घर जेवत होते. स्टीलची भांडी आली तशी कल्हई गेली. ती जीभ कुठल्या अभ्यासक्रमात घेतली गेली नाही. पदवीधराला तिच्यापुढे पावतीची पाठ दाखवण्याचा धीर झाला नसता.

चीड येते ती झिंकच्या पिशवीच्या छपाईची. ‘झिंक सल्फेट’ ही अक्षरे पुष्कळदा रस्त्यापलीकडून वाचता येतात. मोनो की हेप्टा हे मात्र तळाशी मुंगीच्या अक्षरात. जास्त मात्रेने पाने करपतात, ती करपतात शेतकऱ्याची.

आयनांच्या हिशोबात उरते ते असे द्रावण, ज्यातली संहती चालू कामातच बदलते. तुमसर तालुक्यातल्या डोंगरी बुजुर्गच्या मॅंगनीज खाणीजवळ मॉयल या खाण कंपनीने विद्युत-विघटनाने मॅंगनीज डायऑक्साइड काढण्याचा कारखाना उभारला. हा माल बॅटरीच्या शुष्क घटांत लागतो. सुरुवात मॅंगनीज सल्फेटच्या द्रावणाने होते. त्यात मॅंगनीज आणि सल्फेट बरोबरीने. वीज सोडली की मॅंगनीज धनाग्रावर डायऑक्साइड होऊन बसतो आणि दर आयनामागे चार हायड्रोजन आयन तयार होतात. त्यांतले दोन ऋणाग्रावर वायू होऊन निघून जातात. म्हणजे द्रावणातून मॅंगनीजचा एक आयन उणा झाला की हायड्रोजनचे दोन वाढतात. सल्फेट जेवढे होते तेवढेच राहते.